दसऱ्यापर्यंत उसनं पोर

एकदा एका भांड्यांच्या व्यापाऱ्याच्या घरी, घटस्थापनेच्या दिवशी सकाळी बरोबर साडेसात वाजता, एका लहान मुलाने देवीच्या पोथीचं पान घडाघडा म्हणून दाखवलं आणि घरातली माणसं एकमेकांकडे बघत राहिली. सारी गोष्ट तिथूनच सुरू झाली.

त्या व्यापाऱ्याला दोन मुलगे, दोन सुना. थोरल्या सुनेची मुलगी मथू आणि धाकट्या सुनेचा मुलगा विसू. दोघं एकाच वर्षी जन्मलेली, एकाच पाळण्यात आळीपाळीने झोपलेली आणि एकाच दिवशी पाठशाळेत घातलेली. घराची रीत अशी होती की घट बसला की शाळेत जाणाऱ्या मुलांनी घटासमोर बसून पोथीतलं एकेक पान वाचायचं. आजोबा डोळे मिटून ऐकायचे आणि वाचणाऱ्याच्या हातावर स्वतः पेढा ठेवायचे.

मथूला वाचन पाण्यासारखं यायचं. विसूला येत नव्हतं. थोडंथोडकं नव्हे, येतच नव्हतं. अक्षर आज ओळखायचा, उद्या त्याच अक्षराकडे परक्या माणसासारखं बघायचा. म्हणून धाकटीने एक युक्ती केली होती. गणपती उठल्यापासून रोज चुलीजवळ बसवून तिने पोथीचं पहिलं पान त्याच्याकडून पाठ करून घेतलं. मुलाचे कान मोठे तल्लख. ऐकलेलं लगेच बसायचं. ओळीवरून बोट कसं न्यायचं, मध्येच अडखळल्यासारखं कसं करायचं, हेही तिने शिकवलं. घरातल्या प्रत्येक कार्यात मुलगा म्हणून विसूला आधी बसवत, तेव्हा पहिलं पान त्याचंच, याची तिला खात्री होती.

पण त्या दिवशी आजोबा म्हणाले, "आज मथू आधी बसू दे. लेकीचा मान देवीसमोर पहिला."

मथूने पहिलं पान वाचलं. आजोबांनी पान उलटलं आणि पोथी विसूसमोर सरकवली. विसूने आईकडे पाहिलं. आईच्या तोंडचं पाणी पळालेलं. दुसरं काही येतच नव्हतं, तर मुलगा काय करील? त्याने दुसऱ्या पानावर बोट ठेवलं आणि पहिलं पान म्हणायला सुरुवात केली. स्पष्ट, सुरेख, मध्येच अडखळत, अगदी शिकवलं होतं तसं.

"आजोबा, हे तर माझं पान!" मथू ओरडली. "हा तर बघतसुद्धा नाहीये!"

पाहुणी आलेली आत्या फिसकन हसली. थोरलीने पदर नाकाला लावला. आजोबांनी पोथी मिटली.

"पोर वाचत नाही, नाटक करतं," ते म्हणाले. "आणि नाटक बसवणारं माणूस याच घरात आहे. ठीक. दसऱ्यापर्यंत थांबतो. पाटीपूजन झालं की याने पोथीतलं मी सांगीन ते पान वाचायचं. नाही वाचलं, तर शाळा बंद. दुकानात बसेल. भांडी पुसायला अक्षरं लागत नाहीत."

सासऱ्यांचे शब्द धाकटीला लागले, पण त्याहून जास्त लागला थोरलीचा तो पदर. खरं म्हणजे थोरलीला उदबत्तीच्या धुराने शिंक येत होती. पण मनात हेवा असला की शिंकही हसण्यासारखी दिसते. धाकटीला वाटलं, हसली. मनातल्या मनात हसली. हिची पोर काय आभाळातून पडली? माझंच पोर मेलं कमी का? मथूच्या वेण्या, मथूचं वाचन, मथूच्या हातावरचा पेढा, सगळं तिच्या डोळ्यांत खुपायला लागलं. जेवताना मथूने दुसऱ्यांदा भात मागितला, तर ताटात भात जरा जोरातच पडला.

दुपारी ती गावाबाहेर नदीकाठी राहणाऱ्या वृद्ध आचार्यांकडे गेली. या आचार्यांनीच व्यापाऱ्याला त्याच्या लहानपणी शिकवलं होतं. आता वय झाल्यामुळे पाठशाळा त्यांचा एक तरुण शिष्य चालवत असे. मथू आणि विसू त्याच्याच वर्गात. तोही त्या वेळी तिथे बसला होता.

धाकटीने वाकून नमस्कार केला आणि बसण्याआधीच बोलायला लागली.

"गुरुजी, देव वाटप करतो तेव्हा डोळे मिटून घेतो का हो?"

"बैस आधी. काय झालं?"

"एका चुलीवरचं खातात दोघं. सायीची वाटीसुद्धा मी दोघांना सारखी देते. मग ती का पोपटासारखी वाचते आणि माझा का मुका होतो? काय खाल्लं होतं हो थोरलीने गरोदरपणी? मी तर शतावरीही घेतली होती."

शिष्य मध्येच म्हणाला, "वहिनी, खाण्यापिण्याचा प्रश्न नाही. लक्ष नाही पोराचं. नुसता खिडकीबाहेर बघतो. एकच बाराखडी गिरवून घेतो, छडीही देतो, तरी दुसऱ्या दिवशी पाटी कोरी ती कोरीच. तोंडी विचारा, सगळं येतं. म्हणजे डोकं आहे. मग वाचायला का येत नाही? आळस! दुसरं काय?"

"आळशी नाही हो तो," धाकटीचा आवाज चढला. मग लगेच उतरला. "म्हणजे, असेलही. मला काय कळतंय? मी घरी दोन देते, तुम्ही शाळेत दोन देता, तरी अक्षर काही आत जात नाही."

आचार्य म्हणाले, "तुला काय हवंय?"

"खरं सांगू?" ती रडायला लागली होती. "मला मथूसारखं पोर हवंय."

बोलून झाल्यावर तिने तोंडावर हात धरला. पण शब्द बाहेर पडला होता.

आचार्य काठी टेकत उठले. "एवढंच ना? घे मग मथू."

ते तिच्याबरोबर व्यापाऱ्याच्या घरी आले. मागे शिष्य, काही न समजून. ओसरीवर उभे राहून त्यांनी सांगितलं, "आजपासून दसऱ्यापर्यंत मथू धाकटीची आणि विसू थोरलीचा. जेवण, झोपणं, अभ्यास, सगळं तिकडे. ज्या आईचं मूल तिकडे गेलं, तिने त्याच्या अभ्यासात तोंड घालायचं नाही. लांबून बघितलं तर चालेल."

व्यापारी चकित झाला. "गुरुजी, हे काय भांडं आहे? आज नेलं, उद्या चेपलेलं निघालं म्हणून बदलून आणलं?"

"उसनं आहे. दसऱ्याला ज्याचं त्याला परत करायचं."

"लोक काय म्हणतील?"

"लोकांना मी सांगीन, म्हाताऱ्याला चळ लागला."

थोरली दाराआडून म्हणाली, "मामंजी, माझी हरकत नाही. पण मथूला रात्री गोधडी दोनदा पांघरावी लागते, लाथाडून देते ती." धाकटीला वाटलं, बघा, लगेच मिरवलं, माझ्या मुलीचं असं नि माझ्या मुलीचं तसं. आपल्या विसूच्या सवयी सांगायचं मात्र तिला सुचलंही नाही. ती मथूचे कपडे आणायला निघाली होती.

पहिले दिवस सुखात गेले. अंगणाच्या या बाजूला धाकटीच्या खोल्या, त्या बाजूला थोरलीच्या. धाकटीने मथूला आपल्या ठेवणीतल्या लुगड्याचं परकर-पोलकं शिवून घातलं, केसांत शेवंती माळली आणि देवळात घेऊन गेली. देवळाच्या भिंतीवर वर्गणीदारांची नावं कोरलेली होती. "वाच गं मथू," ती बायकांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने म्हणाली. मथूने सगळी नावं वाचली. बायका म्हणाल्या, "किती हुशार गं तुमची!" "तुमची" हा शब्द धाकटीने घरी येईपर्यंत मनात चघळला.

मग हळूहळू एक गोष्ट घडू लागली. संध्याकाळी त्या बाजूच्या खोलीतून हसणं ऐकू यायचं. थोरलीचं भसाडं हसणं तिला ओळखीचं होतं. त्याच्याबरोबरचं दुसरं हसणं मात्र तिला ओळखू यायला जरा वेळ लागला. ते विसूचं होतं. अभ्यासाच्या वेळी विसू हसतो, हे तिला ठाऊकच नव्हतं.

"कशाला हसतात गं ही दोघं?" तिने मथूला विचारलं.

मथू पुस्तकातून डोकं वर न काढता म्हणाली, "काय माहीत. आई माझ्या अभ्यासाला कधी हसत नाही." मग जरा थांबून म्हणाली, "काकू, तू विसूला वाच म्हणालीस की त्याचं पोट दुखायचं. खरंच दुखायचं हं. शाळेत जाताना मला सांगायचा. तुला सांगू नको म्हणायचा."

धाकटीच्या हातातली भाकरी परातीतच राहिली.

माझा स्वतःचा मुलगा दुसरीत आहे. गोष्टीत इथे आले की मला नेहमी थोडं थांबावं लागतं. आपल्या मुलाचं पोट दुखतं हे जावेच्या मुलीला माहीत आणि आपल्याला नाही, हे ऐकणाऱ्या बाईला काय झालं असेल? गोष्ट सांगणारे सांगतात, तिला पश्चात्ताप झाला. मला नाही वाटत तसं. लगेच नाही. मला वाटतं तिला आधी मथूचा आणखी राग आला. आता हेवा दुहेरी झाला. वाचन तर मथूकडे होतंच, विसूच्या मनातलंही मथूकडेच.

ती तडक उठली, अंगण ओलांडलं आणि थोरलीच्या दाराशी जाऊन थबकली. आत थोरली सुपात उडीद निवडत बसली होती. समोर मोठी परात, परातीत ज्वारीचं पीठ पसरलेलं, आणि विसू पालथा पडून, कोपरापर्यंत पांढरा होऊन, त्या पिठात आख्ख्या हाताने एक थोरलं अक्षर काढत होता.

"आता हे कोणतं रे?" थोरली म्हणाली.

"भ. भाकरीचा."

"आणि म कसा मग?"

विसूने पीठ सपाट केलं आणि हात फिरवला. "भ ला वर गाठ आहे, मोठी आई. म सपाट आहे. हाताला कळतं. पुस्तकात बघितलं की दोघं भाऊ भाऊ दिसतात, कोणाला हाक मारू कळत नाही."

"आणि ओळ वाचताना काय होतं तुझं? पुन्हा सांग. मी परवा नीट ऐकलं नाही."

"पुढचं अक्षर जुळवतो ना, तोवर मागचं निघून जातं. मग मागे गेलो की पुढचं जातं. मग मास्तर म्हणतात, झोपलास का? मग सगळंच जातं."

"जाऊ दे गेलं तर. आपण पुन्हा बोलावू. उडदातले खडे बघ, मी एकदा निवडते, पुन्हा निवडते, तरी तुझ्या काकाच्या दाताखाली एक येतोच."

विसू खिदळला.

धाकटीला राहवलं नाही. "जाऊबाई, काय करणी केलीत हो माझ्या पोरावर?"

थोरलीने मान वर केली. "करणी कसली गं? परातीत पीठ आहे. तुझ्याच जात्यावरचं."

"हे सगळं त्याने मला कधी सांगितलं नाही. तुम्हाला बरं सांगतो!"

"मी विचारलं," थोरली म्हणाली.

"मी काय विचारत नव्हते? रोज विचारत होते, का रे येत नाही, का रे येत नाही!"

"तू त्याला का येत नाही विचारलंस. मी विचारलं, तुला दिसतं कसं." तिने सूप बाजूला ठेवलं. "आणि त्यात माझं शहाणपण नाही हो. उगीच मला देवी करू नकोस. परवा तो पाटीवर सरस्वती काढत बसला होता, ती आपण दसऱ्याला एकाचे आकडे जोडून काढतो ती. न बघता, एका दमात काढली पोराने, एक रेघ इकडची तिकडे नाही. मी म्हटलं, अरेच्चा, याच्या हाताला आठवतं! मग परात घेतली."

"एवढी माया तुम्ही मथूला तरी लावता का?"

हे बोलणं जिव्हारी लागेल असंच होतं. थोरलीने परातीतलं पीठ हाताने सपाट केलं. मग म्हणाली, "नाही लावत. मथू एक शब्द चुकली तर मी फोडून काढते तिला. का माहितेय? ती माझी आहे. ती चुकली की लोक माझ्याकडे बघतात. हा चुकला तर माझं काय जातंय? हा काही माझा नाही." आणि ती विसूकडे बघून हसली. "म्हणून तर आमचं जमतं. नाही का रे?"

विसूने आईकडे पाहिलं आणि पिठाचे हात पाठीमागे लपवले. ते बघून धाकटीच्या मनात जी कळ उठली, तिला नाव काय द्यावं, मला सांगता यायचं नाही. हेवा तर होताच. जावेच्या वाचणाऱ्या मुलीचा हेवा तिने वर्षभर केला होता. आता आपल्याच मुलासमोर बसलेल्या जावेचा वाटत होता. पण या वेळी तिला कळलं की हवंय ते दुसरीच्या घरात असलं, तरी मुळात आपलंच आहे.

ती खाली बसली नाही. नियम होता. दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली आणि बघत राहिली. दुसऱ्या दिवशीही आली. तिसऱ्या दिवशी थोरलीने न बोलता पाट सरकवला.

दसरा आला. पाटीपूजन झालं. मुलांनी आपल्या सरस्वतीवर हळदकुंकू वाहिलं. आचार्य आणि शिष्य आले होते. आजोबा पोथी घेऊन बसले आणि त्यांनी मधलंच एक पान काढून विसूसमोर ठेवलं.

"वाच."

विसूने डाव्या हाताचं बोट ओळीखाली ठेवलं. उजव्या हाताने मांडीवर अक्षर काढलं. मग तोंडाने उच्चारलं. पुन्हा मांडीवर हात, पुन्हा अक्षर. एक शब्द झाला. दुसऱ्या शब्दापाशी तो अडला. आत्या चुळबूळ करायला लागली. बाहेर शेजारी सोनं द्यायला येऊन उभे होते, त्यांनीही डोकावलं.

धाकटीला तो शब्द दिसत होता. ती समोरच बसली होती. ओठ नुसते हलवले असते तरी मुलाने पकडला असता. त्याला तशी सवयच होती. मथूच्या ओठांवर तर शब्द आलाच होता. धाकटीने मथूच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि स्वतःचे ओठ दातांखाली धरले.

विसूने एक अक्षर चुकीचं म्हटलं, स्वतःच मान हलवली, मांडीवर पुन्हा काढलं आणि बरोबर म्हटलं. असं करत करत ओळ संपली. तो थांबला. घामाने त्याचं कपाळ भिजलं होतं.

"झालं?" आजोबा म्हणाले. "मी पान सांगितलं होतं. ही एक ओळ झाली. एवढ्या वेळात मथूने अध्याय संपवला असता."

धाकटी उठून उभी राहिली. सासऱ्यांसमोर ती आजवर मान वर करून बोलली नव्हती. "मामंजी, मथूने संपवला असता. तिला देवाने तसं दिलंय. घटाच्या दिवशी याने पान म्हटलं ते माझं होतं, मी घोकून घेतलेलं. ही ओळ त्याची आहे. याला दुकानात घालायचं तर घाला, पण वाचत नाही असं म्हणू नका. त्याने आत्ता वाचलं."

आजोबांनी आचार्यांकडे पाहिलं.

आचार्य म्हणाले, "तू भांड्यांचा व्यापारी. मला सांग, कथील वितळायला किती वेळ लागतो?"

"लगेच वितळतं. कल्हईवाला बोलता बोलता वितळवतो."

"आणि तांबं?"

"त्याला भट्टी लागते, भाता लागतो."

"कथलाच्या विस्तवावर तांबं वितळलं नाही, तर तू काय म्हणतोस? तांबं आळशी आहे?"

व्यापारी हसला, पण लगेच गंभीर झाला. "गुरुजी, म्हणजे माझा नातू तांबं आणि नात कथील?"

"तुला तुलना करायची फार सवय आहे. घरालाही तीच लावलीस," आचार्य म्हणाले. "दोन्हींना वेगळा विस्तव लागतो, एवढंच मी म्हणालो. याची बुद्धी शाबूत आहे. कान तल्लख आहेत. फक्त डोळ्याने पाहिलेलं अक्षर आणि तोंडाने म्हणायचा आवाज यांची गाठ बसायला याला इतरांपेक्षा जास्त वेळ लागतो. उद्याही लागेल. मोठा झाल्यावरही थोडा लागेल. तो मथूसारखा कधी वाचणार नाही. पण वाचेल. अट एवढीच, की कोणी त्याच्या अंगावर ओरडू नये आणि त्याला शेजाऱ्याच्या घड्याळावर धावायला लावू नये."

आजोबांनी पेढा उचलला, विसूच्या हातावर ठेवला आणि म्हणाले, "शाळेत जा." मग खाकरून म्हणाले, "संध्याकाळी दुकानातही ये जरा. आलेला माल तोंडी सांगितलेला तुझ्या लक्षात राहतो. माझ्या नाही राहत आताशा."

मुलं ज्याची त्याला परत मिळाली. पण विसू आईचा पदर धरून म्हणाला, "दुपारी मोठ्या आईकडे जाऊ ना गं? परातीपाशी?" धाकटीच्या मनात पुन्हा कळ आली. असं काही एका नवरात्रात जात नाही. तिने ती गिळली आणि म्हणाली, "जा. मीही येते. मला दाखव तुझा भ."

परत जाताना शिष्य आचार्यांच्या काठीच्या चालीने चालत होता. नदीच्या वळणावर त्याने विचारलं, "गुरुजी, अशा मुलाकडून हाताने अक्षर काढून घ्यावं, हे आपल्याला आधीच माहीत असणार. मग धाकट्या वहिनींना तेवढंच का सांगितलं नाहीत? मुलं बदलण्याचा खटाटोप कशासाठी?"

आचार्य म्हणाले, "तिला उपाय सांगितला असता, तर तिने रोज संध्याकाळी तो मथूशी तोलून पाहिला असता आणि आठ दिवसांत परात आपटली असती. अरे, तिला विसू दिसतच नव्हता. तिला मथू नसलेलं एक पोर दिसत होतं. तिच्या माराला, पाठांतराला, रडण्याला, सगळ्याला तेच कारण. मथू तिच्या घरात आली, तेव्हा कुठे तिची नजर मोकळी झाली आणि अंगणापलीकडे गेली. थोरलीची गोष्ट उलट. तो आपला नव्हता, म्हणून त्याची लाज नव्हती. लाज नव्हती, म्हणून राग आला नाही. आणि ज्याच्यावर आपण रागावलेले नसतो, त्याला सरळ प्रश्न विचारता येतो. मूलही सरळ उत्तर देतं. आपल्या पोटच्या पोराकडे कधीतरी असं उसन्या पोरासारखं बघता यावं, एवढंच तिला शिकायचं होतं."

"आणि मी?" शिष्य खाली बघत म्हणाला. "मी त्याला आळशी ठरवून मोकळा झालो."

दोघं चालत राहिले. थोड्या वेळाने शिष्यच पुन्हा म्हणाला, "गुरुजी, माझ्या वर्गात खिडकीबाहेर बघणारी असली आणखी किती पोरं असतील?"

"हे तू मला विचारतोस?" आचार्य म्हणाले.

शिष्य उभा राहिला. मग त्याने आचार्यांना नमस्कार केला आणि घराकडे न जाता पाठशाळेच्या वाटेला लागला.

आमच्या शाळेतल्या बाईंनी पालकसभेत सांगितलं की काही मुलांना असं असतं, त्याला अध्ययन अक्षमता म्हणतात. मूल मठ्ठ नसतं, हट्टीही नसतं. डॉक्टरांकडून तपासून घेता येतं, वेगळ्या रीतीने शिकवता येतं, आणि मारून मात्र काहीच होत नाही. सभेत सगळ्या बायका खाली बघत होत्या. माझं काही चुकलं का, अशी प्रत्येकीला भीती. जिचं मूल घडाघडा वाचतं, तिच्याकडे कोणी बघत नव्हतं, म्हणजे सगळ्याच बघत होत्या.

म्हणून एक मागणं आहे. ही गोष्ट वाचून घडी घालून ठेवू नका. तुमच्या आळीत, तुमच्या नात्यात अशी एक तरी आई असेल, जी रोज संध्याकाळी वही उघडली की रडवेली होते. तिला सांगा. तिला वाचायला जमत नसेल, तर शेजारी बसून वाचून दाखवा. आणि घाई करू नका.